घरच्यांची सही कुठं आहे?

पिस्तुलाच्या परवान्यासाठी अर्ज केला की बरंच काही विचारतात. धोका कुणापासून आहे? गुन्हे दाखल आहेत का? डॉक्टरांचा दाखला आणलाय का? पण ज्या घरात ते पिस्तूल मुक्कामाला जाणार, त्या घरातल्या माणसांची संमती मात्र सक्तीची नाही. माझं भांडण या एका गाळलेल्या सहीशी आहे.

मी मार्केट यार्डात, भुसार विभागात एका गाळ्यावर हिशेब लिहितो. इथं परवान्याचं कारण एकच सांगतात: रोकड. ते खोटं नाही. नोव्हेंबर २०२२ मध्ये इथल्याच एका अंगडियाच्या ऑफिसात हत्यारबंद टोळी घुसली आणि लाखोंची रोकड घेऊन गेली. भीती खरी आहे. घाबरलेल्या माणसाची टिंगल करायला मी हे लिहीत नाही.

पण ही भीती गाळ्यावरची आहे. शटर पडलं की रोकड बँकेत नाहीतर तिजोरीत जाते आणि पिस्तूल घरी. कपाटात, साड्यांच्या थप्पीमागे. तिथं दरोडेखोर क्वचितच येतो. रोज येतात ती नवरा-बायकोची भांडणं, भावाभावांच्या वाटण्या, दारू, बुडालेली उधारी आणि कपाट उघडून बघणारं पोर.

‘शिकलेल्या हातात शस्त्र सुरक्षित असतं,’ असं म्हणतात. जुलै २०२३ मध्ये बालेवाडीतल्या एका घरात पहाटे एका पोलीस अधिकाऱ्याने पत्नीवर आणि पुतण्यावर गोळ्या झाडल्या, मग स्वतःवर. तिघेही गेले. त्या हातापेक्षा जास्त शिकलेला हात कुठून आणायचा? १ ऑक्टोबर २०२४ ला अभिनेता गोविंदा यांच्या मुंबईतल्या घरी त्यांचंच परवान्याचं रिव्हॉल्व्हर सुटलं आणि गोळी त्यांच्याच पायात घुसली. तिथं ना चोर होता, ना भांडण.

परवाना एका नावाने मिळतो, पण ट्रिगर ते नाव वाचत नाही. फेब्रुवारी २०२४ मध्ये दहिसरला माजी नगरसेवक अभिषेक घोसाळकर यांचा फेसबुक लाइव्ह चालू असताना खून झाला. पिस्तूल मारेकऱ्याच्या नावावर नव्हतं, त्याच्या अंगरक्षकाच्या नावावर होतं.

अमेरिकेत आर्थर केलरमन आणि सहकाऱ्यांनी १९९३ साली घरांत झालेल्या खुनांचा अभ्यास केला. ज्या घरात बंदूक, तिथं खुनाचा धोका सुमारे २.७ पट निघाला, आणि मारणारे बहुतेक घरातले किंवा ओळखीचे होते. अमेरिका वेगळी, मान्य. पण घरातला राग तिथं वेगळा आणि इथं वेगळा असतो का?

यावर गाळ्यावरचं ठरलेलं उत्तर असं: ‘गुंडांकडे उमरटीचे कट्टे आहेत, मग आम्ही परवानावाल्यांनीच काय घोडं मारलंय?’ कट्टे येतात, पोलिसांनी ते मुळाशी जाऊन थांबवावेत. पण तुमच्या कपाटातल्या पिस्तुलाने त्यातला एक तरी कट्टा कमी झाला का?

आणि निवडणूक आली की काय होतं? पोलीस छाननी करून बऱ्याच जणांची हत्यारं जमा करून घेतात. म्हणजे तापलेल्या वातावरणात घरात हत्यार नको, हे सरकारलाही कळतं. त्या दिवसांत ‘आता आमचं कसं होणार’ म्हणून व्यापाऱ्यांचा मोर्चा निघालेला मी तरी पाहिला नाही. मग एरवी एवढी गरज कशाची? रोकड तर घटत चाललीय, कोथिंबिरीची जुडीसुद्धा क्यूआर कोडवर विकली जातेय. याच यार्डात पहाटे अंधारात येणारा हमाल, तोलणार, टेम्पोवाला कुठलं पिस्तूल बाळगतो? खरं सांगायचं तर कमरेचं पिस्तूल हा गल्ल्याचा पहारेकरी कमी आणि लग्नात शर्ट वर सरकवून दाखवायचा दागिना जास्त.

कायदा अगदीच झोपलेला नाही. २०१९ च्या दुरुस्तीने एका माणसाला जास्तीत जास्त दोनच बंदुकांची मुभा ठेवली. हर्षाच्या भरात गोळीबार केला तर दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही. पण वरातीतला बार सगळ्यांना ऐकू जातो. बंद दाराआड टेबलावर नुसतं काढून ठेवलेलं पिस्तूल कुणाला ऐकू येतं? एकही गोळी न झाडता ते घरातल्या बाईला गप्प बसवतं.

कॅनडात परवान्याच्या अर्जावर जोडीदाराची सही मागतात. गेल्या दोन वर्षांत वेगळं झालेल्या जोडीदाराचीसुद्धा. सही नसेल तर अधिकारी त्या व्यक्तीला अर्जाची खबर देतात. आपल्याकडे हे का नको? घरातल्या प्रत्येक सज्ञान माणसाला पोलिसांनी एकटं गाठून विचारावं, आणि नूतनीकरणाच्या वेळी पुन्हा विचारावं. एकीनेही ‘नको’ म्हटलं तर परवाना नाही.

कायदा बदलेल तेव्हा बदलेल. तुमच्या घरात पिस्तूल असेल, तर बाबांना, काकांना, दादाला आज एवढंच विचारा: हे घरात आणताना आईला विचारलं होतं का?