जो पकडला गेला नाही, त्याचा कागद

धोबीतलावला मेट्रो सिनेमासमोर जो चौक आहे, त्याचं नाव वासुदेव बळवंत फडके चौक. दादरला प्लाझासमोरची बाग म्हणजे वीर कोतवाल उद्यान. मुंबईकराला दोन्ही ठिकाणं ठाऊक असतात ती सिनेमागृहांच्या नावानं. टॅक्सीवाल्याला आपण ‘मेट्रो’ सांगतो, मैत्रिणीला ‘प्लाझापाशी ये’ म्हणतो. फडके आणि कोतवाल दोघंही हत्यार हाती घेऊन, डोंगरांच्या आधाराने इंग्रजांशी लढले. दोघांत साठेक वर्षांचं अंतर. त्यांच्याबद्दल आपल्याला जे काही माहीत आहे ते आपल्यापर्यंत आलं कुठून, हा प्रश्न सध्या मला सोडत नाही. त्याला कारण आयर्लंडची पुस्तकं.

आयरिश बंडखोरांनी भरपूर लिहिलं. डॅन ब्रीनचं ‘माय फाइट फॉर आयरिश फ्रीडम’ १९२४ साली आलं आणि काही वर्षांतच भगतसिंगांनी ते हिंदीत आणलं. २१ जानेवारी १९१९ रोजी सोलोहेडबेगला सुरुंगाची दारू घेऊन चाललेल्या गाडीबरोबरचे दोन पोलीस मारले गेले. ब्रीन त्या हल्ल्यात होता, आणि त्याबद्दल तो पुस्तकात कुठेही खेद दाखवत नाही. अर्नी ओ’मॅलीचं पुस्तक १९३६चं. लिखाण म्हणून या सगळ्यांत उजवं. टॉम बॅरीचं ‘गरिला डेज इन आयर्लंड’ १९४९चं.

पण माझ्या लेखी या पुस्तकांहून मोठं काम त्यानंतर झालं. १९४७ साली आयर्लंडच्या सरकारने एक कचेरी उघडली आणि पुढची दहा वर्षं तिची माणसं जुन्या लढवय्यांच्या जबान्या घेत राहिली. नुसत्या सेनानींच्या नव्हेत. निरोप पोचवणाऱ्या मुली, घरात आसरा देणारे शेतकरी, बंदुका लपवणारे दुकानदार, सगळ्यांच्या. एकूण १७७३ साक्षी झाल्या. त्या कुलूपबंद ठेवल्या, कारण साक्षीदार हयात असताना त्या बाहेर आल्या असत्या तर गावागावांत वैरं पेटली असती. मार्च २००३मध्ये कुलूप निघालं. आज लालबागच्या खोलीत बसून मोबाइलवर त्या वाचता येतात, तेही फुकट.

ओ’मॅलीने तर कुणी न सांगता हेच काम केलं. पन्नाशीच्या घरात, दुखणाईत शरीर घेऊन तो वह्या काखोटीला मारून जुन्या साथीदारांच्या दारी गेला आणि साडेचारशेच्या आसपास लोकांना बोलतं केलं. त्याच्या बाजूचे आणि यादवी युद्धात त्याच्याविरुद्ध लढलेले, दोन्ही. त्याचं अक्षर इतकं वाईट की अभ्यासकांना त्या वह्या लावायला वर्षं लागली.

शिवाय पेन्शनच्या फायली. त्यांतली मार्गारेट स्किनिडरची कथा मला विसरता येत नाही. ती शाळामास्तरीण होती. १९१६च्या ईस्टर उठावात ती डब्लिनमध्ये बंदूक घेऊन लढली आणि गोळ्या लागून जायबंदी झाली. १९२५ साली तिने अर्ज केला, तेव्हा स्वतंत्र आयर्लंडच्या सरकारने कळवलं की कायद्यातला सैनिक म्हणजे पुरुष. तुम्ही त्यात बसत नाही. तिला पेन्शन मिळायला १९३८ उजाडलं. पण तो नकार जपून ठेवला गेला, आणि आता तोही सगळ्यांना वाचायला मोकळा आहे. स्वतःच्या सरकारचा अन्याय फायलीतून न काढणं याला मी इतिहासाची इभ्रत म्हणतो.

आता आपल्याकडे या. फडक्यांनी आत्मचरित्र लिहिलं होतं. १८७९ साली, बंड मोडल्यावर, श्रीशैल मल्लिकार्जुनाच्या आश्रयाला असताना. त्यात दुष्काळ आहे, आजारी आईला भेटायला न मिळालेली रजा आहे, इंग्रजांविषयीचा संताप आहे, आणि रामोशी साथीदारांचं लक्ष लुटीकडेच होतं ही तक्रारही आहे. त्यांना धरलं तेव्हा हे कागद पोलिसांच्या हाती लागले, सरकारी दप्तरात त्यांचा इंग्रजी तर्जुमा राहिला आणि १९५७ साली मुंबई सरकारने स्वातंत्र्य चळवळीच्या साधनग्रंथात तो छापला. फडके एडनच्या तुरुंगात १८८३ साली वारले. त्यांचे शब्द वाचले ते शत्रूच्या दप्तरामुळे. आणि रामोशांचं काय? लढता लढता पडलेल्या दौलतराव नाइकाने आपल्या या शिकलेल्या पुढाऱ्याबद्दल काय म्हटलं असतं? त्याच्या हाती लेखणी नव्हती, म्हणून फडक्यांची तक्रार एकतर्फीच उरली.

भाई कोतवालांनी काहीच लिहून ठेवलं नाही. तेवढं आयुष्यच मिळालं नाही. माथेरानच्या नाभिक कुटुंबातला हा मुलगा वकील झाला, माथेरान नगरपालिकेत उपाध्यक्ष झाला, शेतकऱ्यांसाठी त्याने धान्य बँक चालवली, आदिवासी पाड्यांत शाळा काढल्या. बेचाळीसच्या ऑगस्टनंतर त्याने आझाद दस्ता उभारला. शेतकरी आणि शाळामास्तर, जेमतेम पन्नास माणसं. मुंबईच्या गिरण्या आणि रेल्वे ज्या विजेवर चालायच्या ती वाहून आणणारे लोखंडी मनोरे कर्जतच्या रानातून येतात, हे त्यांनी नेमकं हेरलं होतं. सप्टेंबर ते नोव्हेंबर १९४२ या काळात रात्री डोंगरात जाऊन हे लोक मनोरे कापत आणि सकाळी त्याची झळ परळ-लालबागला पोचे. २ जानेवारी १९४३च्या पहाटे सिद्धगडच्या जंगलात पोलिसांनी दस्त्याला गाठलं. भाई आणि मानिवलीचा तरुण हिराजी पाटील तिथेच पडले. भाईंचं वय अवघं तीस. मनोरा कापताना करवत कुणाच्या हातात होती, भाकऱ्या कुणी पोचवल्या, पोलिसांना वाट कुणी दाखवली, यातलं बरंचसं आज ऐकीवच आहे.

सातारच्या प्रतिसरकारचं थोडं बरं आहे. यशवंतराव चव्हाणांच्या ‘कृष्णाकाठ’मध्ये बेचाळीसचं भूमिगत जीवन येतं. ए. बी. शिंदे आणि गेल ऑम्व्हेट यांनी अभ्यास केला. ऑम्व्हेटबाई तर कासेगावच्या पाटणकरांच्या घरात सून म्हणून नांदल्या, आणि त्यांच्या सासूबाई इंदुताई स्वतः त्या लढ्यात होत्या. गोव्याच्या लढ्यातल्या मोहन रानड्यांचं ‘सतीचे वाण’ आहे. बेतीच्या चौकीवरच्या १९५५च्या हल्ल्यात ते पकडले गेले आणि पोर्तुगालच्या तुरुंगातून सुटायला त्यांना जानेवारी १९६९ पाहावा लागला.

पण हौसाताईंचं बघा. प्रतिसरकारचे पुढारी क्रांतिसिंह नाना पाटील यांची ही मुलगी. १९४३ साली भवानीनगरच्या पोलीस चौकीबाहेर त्यांनी मारहाणीचं नाटक केलं. एक साथीदार त्यांना झोडपतोय, डोक्यात धोंडा घालायला निघालाय, आणि त्या गळा काढून रडताहेत. पोलीस सोडवायला बाहेर धावले. तेवढ्यात बाकीच्यांनी आतल्या बंदुका पळवल्या. मार त्या साथीदाराने खराच दिला, अशी तक्रार त्या म्हातारपणीही करत. हे सगळं नीट कागदावर उतरलं पत्रकार पी. साईनाथ त्यांच्या दारी गेले तेव्हा. तोवर हौसाताईंनी नव्वदी ओलांडली होती. २०२१ साली त्या गेल्या. साईनाथांना पोचायला चार-पाच वर्षं उशीर झाला असता, तर ही हकिगत त्यांच्याबरोबर सरणावर गेली असती.

आपल्याकडे साक्षी मुळीच झाल्या नाहीत असं नाही. त्या झाल्या, आणि सरकारनेच घेतल्या. १९७२ साली केंद्राची स्वातंत्र्यसैनिक पेन्शन सुरू झाली, १९८०मध्ये तिचा विस्तार झाला. अर्जाबरोबर तुरुंगाचा दाखला लागे. तो नसेल तर फरारी असल्याचा किंवा डोक्यावर बक्षीस लागल्याचा सरकारी कागद. तोही नसेल तर जेल भोगलेल्या ज्येष्ठ सैनिकाचं प्रमाणपत्र. गनिमी लढाईत हे माप उलटं बसतं. जो पोलिसांच्या हाती लागला त्याचा कागद झाला. जो हुशारीने निसटत राहिला, ज्या बाईने चुलीमागे पिस्तूल ठेवलं आणि कुणाला संशय येऊ दिला नाही, त्यांच्याजवळ दाखवायला काही नाही. म्हणून मंजूर अर्जांइतकेच, माझ्या मते त्याहून जास्त, नामंजूर अर्ज मोलाचे आहेत. आपण काय केलं हे त्यांत माणसांनी हट्टाने, पानंच्या पानं भरून लिहिलेलं असणार. राज्य सरकारने जिल्ह्याजिल्ह्यांतल्या या फायली अभिलेखागारात आणाव्यात, नावनिशीवार सूची करावी आणि वाचायला खुल्या कराव्यात. पुतळ्याच्या खर्चाशी तुलना केली तर हा खर्च किरकोळ आहे.

हे खुलं झालं की न आवडणारंही बाहेर येईल, याची तयारी हवी. टॉम बॅरीच्या पुस्तकावरून आयर्लंड अजून भांडतंय. नोव्हेंबर १९२०च्या किलमायकेलच्या छाप्यात इंग्रजांच्या निमलष्करी पोलिसांनी शरणागतीचं सोंग केलं म्हणून आम्ही कुणाला सोडलं नाही, असं बॅरी सांगतो. इतिहासकार पीटर हार्टने १९९८ साली त्यावरच बोट ठेवलं आणि रान पेटलं. प्रतिसरकारनेही दरोडेखोरांना, सावकारांच्या गुंडांना, फितुरांना पायांवर काठ्यांचे फटके दिले. न्यायदान मंडळं चालवली, खर्चाच्या लग्नांना फाटा देऊन गांधी-विवाह लावले, हे आपण अभिमानाने सांगतो, आणि सांगायलाच हवं. पण फटके खाल्लेला प्रत्येक माणूस खरंच फितूर होता का, हेही विचारायला हवं. नाना पाटलांचं मोठेपण एवढ्याने कमी होत नाही.

शेवटचं म्हणणं गिरणगावातल्या वाचकांना. पाटण, कोरेगाव, जावळीची, तशीच कर्जत-मुरबाडची माणसं पिढ्यानपिढ्या इथल्या गिरण्यांत राबली. गाववाल्यांच्या खोल्यांत दाटीने राहिली. गावाकडची बातमी आणि गावाकडचे पाहुणे त्यांच्याच आश्रयाला येत. त्यांच्या नातवंडांच्या चाळी आता पुनर्विकासाला निघाल्या आहेत. सामान बांधताना माळ्यावरची पत्र्याची ट्रंक उघडली जाते, आणि आजोबांचा पेन्शनचा अर्ज, कुणाची तरी शिफारस, पोस्टकार्डांचा गठ्ठा किलोच्या भावाने रद्दीत जातो. तो देऊ नका. मोबाइलवर पानापानाचे फोटो काढा, त्यांच्यासोबत नाव-गाव लिहून ठेवा आणि मूळ कागद जपून ठेवता येत नसतील तर नायगावच्या मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालयात किंवा काळा घोडा इथल्या राज्य अभिलेखागारात जाऊन विचारा. आजी हयात असेल तर आज संध्याकाळीच तिच्यापुढे फोन ठेवून तिला बोलायला लावा. तारखा चुकतील, चुकू द्यात. त्या नंतर ताडून बघता येतात.