ठरावापलीकडचे बोले

चवदार तळ्याचा इतिहास सांगणाऱ्या बहुतेक पुस्तकांत सीताराम केशव बोले हे नाव एका वाक्यापुरते येते. ‘बोले ठराव’ हा शब्दप्रयोग रूढ झाला आणि बोले त्यात विशेषण होऊन राहिले. त्या एका वाक्यातही दोन अभिप्राय दडलेले असतात : ठराव म्हणजे एका रावबहादुराचा कागदी उदारपणा, आणि त्यातून निष्पन्न काहीच झाले नाही. हे दोन्ही अभिप्राय आळसातून आलेले आहेत. पहिल्याला माणसाचा पूर्वेतिहास वाचायचा नसतो, दुसऱ्याला तारखा जुळवून पाहायच्या नसतात.

पदवीकडे बोट दाखवणाऱ्यांना हे ठाऊक असावे, की भंडारी समाजातून आलेले बोले मुंबईच्या गिरणी कामगारांत १९१०च्या सुमारासच कामगार हितवर्धक सभेच्या रूपाने उभे होते. भीमराव आंबेडकर मॅट्रिक झाले तेव्हाच्या सत्कारसभेत केळुसकरांनी दिलेले बुद्धचरित्र सर्वांच्या स्मरणात आहे. त्या सभेचे अध्यक्ष बोले होते, हे मात्र सहसा कोणी सांगत नाही. १९१९च्या सुधारणांनंतर काँग्रेसने कायदेमंडळावर बहिष्कार घातला आणि ब्राह्मणेतर पुढारी आत गेले. बाहेर राहणे म्हणजे देशभक्ती आणि आत जाणे म्हणजे लाचारी, हे समीकरण तेव्हा सोयीचे होते. आज ते जसेच्या तसे गिरवण्याचे कारण नाही. ज्यांना गावच्या विहिरीवर पाणीच मिळत नव्हते, त्यांनी बहिष्कार कशावर घालायचा होता?

४ ऑगस्ट १९२३ रोजी मुंबई कायदेमंडळाने बोले यांचा ठराव मंजूर केला. सार्वजनिक पैशातून बांधलेले वा चालवलेले पाणवठे, विहिरी व धर्मशाळा, तसेच सरकारी शाळा, न्यायालये, कचेऱ्या आणि दवाखाने अस्पृश्यांस खुले व्हावेत, अशी त्याची शिफारस होती. सरकारने सप्टेंबरात आदेश काढला. पण आपल्या खात्यांना हुकूम आणि स्थानिक संस्थांना केवळ सल्ला, अशी त्यात चलाखीने फोड केली. ठराव दुबळा होता म्हणणाऱ्यांनी हा दुबळेपणा नेमका कुणाच्या लेखणीतून उतरला, ते पाहावे. बोले यांनी तो ओळखला होता. १९२६ साली त्यांनी दुसरा ठराव आणला : ज्या नगरपालिका व लोकल बोर्डे अंमलबजावणी करणार नाहीत त्यांचे अनुदान रोखावे. उदारपणाचे प्रदर्शन मांडणारा माणूस तिजोरीच्या किल्लीकडे असा हात घालीत नाही.

त्याच वर्षी ग्रामजोशांच्या हक्काला त्यांच्याच प्रयत्नाने कायद्याने कात्री लागली. जोशाला बोलावले नाही, विधी दुसऱ्याने वा स्वतःच केला, तरी दक्षिणा मात्र त्यालाच द्यावी, अशी ती वहिवाट होती. सत्यशोधकी विवाहांवर या दाव्यांचा बडगा कितीदा उगारला गेला हे जाणणाऱ्यास या कायद्याचे मोल सांगावे लागत नाही. वाङ्मयेतिहासकारांना मात्र त्याचा पत्ताच नाही.

आता महाड. तेथील नगरपालिकेने १९२४ साली तळे खुले केल्याचा ठराव केला, तो बोले ठरावाच्या अन्वये. कागदावर तळे उघडले, प्रत्यक्षात कोणी ओंजळ भरू शकले नाही, हे खरे. पण २० मार्च १९२७ रोजी जे लोक काठावर गेले ते दया मागायला गेले नव्हते. मान्य झालेला हक्क बजावायला गेले होते. हा फरक ज्याला क्षुल्लक वाटतो त्याने विरोधकांचे वर्तन पाहावे. निरुपयोगी कागदाला कोणी भीत नाही. महाडच्या नगरपालिकेला मात्र आपला ठराव मागे घ्यावाच लागला, आणि तोही ४ ऑगस्ट १९२७ रोजी, म्हणजे कायदेमंडळातील मंजुरीला बरोबर चार वर्षे पूर्ण होत होती त्या दिवशी. त्यानंतर दिवाणी न्यायालयाची दारे ठोठावली गेली आणि अस्पृश्यांना वगळण्याची रूढी पुरातन असल्याचे वादींना सिद्ध करता येत नाही, हे मुंबई उच्च न्यायालयाने सांगेपर्यंत १९३७चा मार्च उजाडला.