बांबूवर पेललेले सुवर्ण

मार्च २०२० मध्ये करोनाच्या टाळेबंदीमुळे फिलिपिन्सची भारोत्तोलक हिदिलिन दियाझ मलेशियात अडकून पडली. व्यायामशाळा बंद झाल्यावर तिने बांबूच्या काठीला पाण्याने भरलेले दोन कॅन अडकवून सराव चालू ठेवला. त्याची चित्रफीत जगभर पाहिली गेली. पुढे २६ जुलै २०२१ रोजी टोकियोत ५५ किलो गटात एकूण २२४ किलो वजन उचलून तिने आपल्या देशाला ऑलिंपिकमधील पहिले सुवर्णपदक मिळवून दिले. जिद्द असेल तर साधनांवाचून अडत नाही, असा निष्कर्ष तेव्हा अनेकांनी काढला. तो अर्धसत्य आहे.

काठीवर हालचाल गिरवता येते आणि कमावलेली ताकद काही काळ टिकवता येते. मात्र जड वजनाचे गणित वेगळे असते. स्पर्धेच्या बारची टोके स्वतंत्रपणे फिरतात; त्यामुळे बार खांद्यावर घेताना वजनांचा पीळ मनगटावर येत नाही. साध्या दांड्यात घट्ट बसवलेली सिमेंटची वजने दांड्यासोबतच फिरतात आणि तो पीळ मनगट व कोपराला सोसावा लागतो. रबरी प्लेट्स आणि योग्य फलाट नसेल, तर फसलेले वजन निर्धास्तपणे सोडूनही देता येत नाही.

दियाझच्या पाठीशी चिनी प्रशिक्षक, आहारतज्ज्ञ आणि मानसशास्त्रज्ञ होते, हेही विसरता कामा नये. तरीही रिओत २०१६ मध्ये रौप्य जिंकलेल्या या खेळाडूला २०१९ मध्ये आर्थिक मदतीसाठी जाहीर आवाहन करावे लागले होते. सुवर्णपदकानंतर मात्र २०१५ च्या कायद्यानुसार ती एक कोटी पेसोंच्या बक्षिसाची हक्कदार ठरली. बक्षिसाची तरतूद होती, तयारीची नव्हती.

आपले चित्र निराळे नाही. मीराबाई चानूनेही आरंभी बांबूवरच धडे गिरवले आणि इंफाळच्या प्रशिक्षण केंद्रात पोहोचण्यासाठी वाळूच्या ट्रकमधून प्रवास केला. टोकियोतील तिच्या रौप्यपदकानंतर या आठवणींचे कौतुक झाले. पण अशा वाटेवर मध्येच थांबलेल्या मुलामुलींची नोंद कोण ठेवतो?

टोकियोत दियाझ आणि चीनच्या प्रतिस्पर्धी खेळाडूत अंतर होते अवघ्या एका किलोचे. सांगलीच्या संकेत सरगरचे बर्मिंगहॅमच्या २०२२ च्या राष्ट्रकुल स्पर्धेतील सुवर्णही एका किलोनेच हुकले. जिथे एक किलो पदकाचा रंग ठरवतो, तिथे गावोगावच्या तालमींत किमान एक प्रमाणित बार आणि एक जाणता प्रशिक्षक पोहोचवणे ही चैन नव्हे. अभावावर मात करणाऱ्यांचा गौरव जरूर व्हावा. अभावाचा मात्र नको.