टॅबवरचे गेम आणि उसाची नोंद



या अंकात खोडव्यातील पाचट व्यवस्थापनावर लिहावे असे संपादक मंडळाचे सांगणे होते. तो लेख पुढील अंकी देऊ. मध्यंतरी कामठा गटात जो घोळ झाला त्याबद्दल सभासदांत उलटसुलट बोलले जात आहे, आणि घोळ आमच्याच हातून झालेला असल्यामुळे त्याचा खुलासाही आम्हीच करणे योग्य. शिवाय त्या निमित्ताने टॅबवर गेम टाकावे की टाकू नयेत असा एक वाद निघाला आहे, त्यावर आमचे मत निराळे आहे. तेही सांगून टाकतो.

प्रथम काय घडले ते. फेब्रुवारीत सुरू लागणीच्या नोंदी चालू होत्या. कामठ्याकडचा मुलूख धानाचा. बांध्याबांध्यांतून एखाद-दुसरा उसाचा तुकडा, त्यामुळे एका दिवसात पायपीट फार आणि नोंदी थोड्या. दोन दिवसांत अकरा सभासदांच्या नोंदी झाल्या. पूर्वी साखळी आणि क्रॉसस्टाफ घेऊन मोजणी व्हायची, आम्ही पदविकेला तेच शिकलो. आता टॅब हातात धरून धुऱ्याने प्लॉटला फेरी मारायची, कोपऱ्या-कोपऱ्यावर बटण दाबायचे, कास्तकाराचा उसासह फोटो घ्यायचा, की नोंद झाली. शेतात रेंज नसली तर ॲप ती नोंद आपल्या पोटात ठेवते आणि रेंज आली की कारखान्याकडे पाठवते. त्या दोन दिवसांत रेंज आली नाही. आणि घरी गेल्यावर आम्ही नोंदी पाठवून टाकायला हव्या होत्या, त्या न पाठवता टॅब चार्जिंगला लावून जेवायला बसलो.

आमचा मुलगा आठवीत आहे. मित्राने त्याला गाड्यांच्या शर्यतीचा एक गेम सांगितला होता. तो गेम चांगला दोन जीबीचा. आमचा टॅब ३२ जीबीचा, त्यातली बरीच जागा अँड्रॉइडने आणि आधीच्या ॲपांनी खाल्लेली. टॅब म्हणाला, जागा अपुरी आहे. पोराने सेटिंगमध्ये जाऊन सगळ्यात जास्त जागा कोण अडवते ते पाहिले, तर नोंदणीचे ॲप. कारण न पाठवलेले फोटो तिथेच साठलेले. तिथे दोन बटणे असतात. एक 'कॅश साफ करा', दुसरे 'डेटा साफ करा'. पहिल्याने ॲपचा केरकचरा जातो, दुसऱ्याने ॲपच्या पोटातले सगळेच जाते. पोराने दुसरे दाबले. जागा झाली, गेम बसला, गाड्या धावल्या.

सकाळी ॲपने आमच्याकडे नाव आणि पासवर्ड नव्याने मागितला. वास्तविक तिथेच शंका यायला हवी होती. पण असे अधूनमधून होतेच म्हणून आम्ही पासवर्ड टाकला आणि दुसऱ्या गावाला निघालो. खरी चूक ती. पोराला आम्ही बोललो नाही. कारखान्याचा टॅब घरी उघडा ठेवला तो आम्ही.

तीन आठवड्यांनी गट कार्यालयाच्या फळ्यावर नोंदींची यादी लागली तेव्हा साठी उलटलेले एक जुने सभासद आले आणि चष्मा वर सारून म्हणाले, "साहेब, तुम्ही आमच्या धुऱ्यावरून फिरून गेले होते ना जी? फोटो काढला, मी टोपी सावरून उभा राहिलो. मंग माझं नाव काऊन नाही?" आम्हाला उत्तर देता येईना.

नोंदीच्या तारखेवर तोडणीचा क्रम ठरतो हे सभासदांना सांगायला नको. महिनाभर मागे पडलेला ऊस एप्रिलच्या उन्हात उभा राहतो, वजन घटते, उतारा घटतो, टोळ्या गावी परतायच्या घाईला आलेल्या असतात, आणि मग तोडायला कोण येतो का म्हणून कास्तकार चिटबॉयच्या मागे फिरतो. दीड एकराच्या माणसाला हा फटका वर्षभर पुरतो. गेम दोन जीबीचा होता, पण त्याचे वजन काट्यावर दिसले असते ते असे.

सुदैवाने आमची एक जुनी खोड कामी आली. खिशात डायरी असते. अकरापैकी नऊ जणांचा गट नंबर, क्षेत्र, जात आणि लागण तारीख पेन्सिलीने लिहिलेली सापडली. दहाव्याकडे कारखान्याच्या रोपवाटिकेतून रोपे उचलल्याची पावती होती. अकराव्याने घरचेच बेणे लावले होते, त्यामुळे पावती नाही, आणि त्या संध्याकाळी अंधार पडला म्हणून आम्हीही डायरीत लिहिले नव्हते. शेजारच्या दोघा कास्तकारांच्या सांगण्यावरून शेती समितीने त्यांची तारीख धरली. ती त्यांच्या म्हणण्यापेक्षा सहा दिवसांनी मागे आहे. त्यांनी तक्रार केली नाही. प्लॉट पुन्हा मोजायला गेलो तेव्हा चहाही दिला. पण ते सहा दिवस आमच्या नावावर आहेत, हे आम्ही जाणतो.

हा विषय शेती समितीपुढे गेला तेव्हा एका ज्येष्ठ सदस्यांनी ठाम मत मांडले, की टॅब-मोबाइलवरचे गेम हीच मूळ कीड आहे; खात्याच्या टॅबवर तर नकोतच, पण सभासदांनाही या पत्रिकेतून बजावावे की पोरांच्या टॅबवर एकही गेम ठेवू नये. पहिला भाग आम्हाला पूर्ण मान्य. कारखान्याच्या टॅबवर गेम म्हणजे बेण्याच्या पोत्यात जेवणाचा डबा. आता आमच्या टॅबला कुलूप आहे आणि तो रात्री कपाटात असतो. दुसरा भाग मात्र आम्हाला पटत नाही.

कारण सरळ आहे. टॅब आता घरात आलेलाच आहे. नागपूरच्या महाज्योती या राज्य शासनाच्या संस्थेकडून इतर मागासवर्गीय, भटक्या-विमुक्त आणि विशेष मागास प्रवर्गातील मुलांना जेईई, नीट, सीईटीच्या तयारीसाठी मोफत टॅब आणि रोज सहा जीबी इंटरनेट मिळते. आपल्या भागातल्या कितीतरी पोरांना त्याचा लाभ झाला आहे. ज्यांना ते मिळाले नाही त्यांच्या बापाने उसाच्या पहिल्या हप्त्यातून आठ-दहा हजारांचा टॅब आणून दिला आहे. सोळा वर्षांचे पोर पाच तास त्या काचेकडे बघून भौतिकशास्त्र शिकणार आणि एकही खेळ खेळणार नाही, असे समजणारा माणूस स्वतः कधी सोळा वर्षांचा नव्हता. मंडईच्या रात्री दंडार बघायला आपण कुणाला विचारून गेलो होतो?

बंदी घातली की पोर गेम टाकायचे थांबवत नाही, विचारायचे तेवढे थांबवते. आमच्या मुलाने आम्हाला विचारले असते तर आम्ही जागा करून दिली असती किंवा घरच्या फोनवर टाक म्हणालो असतो, आणि अकरा नोंदी वाचल्या असत्या. घरात गेमचे नाव काढले की आम्ही डोळे वटारतो हे त्याला ठाऊक होते, म्हणून तो आम्ही झोपल्यावर बसला. तेव्हा आमचे म्हणणे असे, की गेम टाकावा, पण बापाने किंवा आईने शेजारी बसून टाकावा.

आता स्वस्त टॅबची जात ओळखून वागले पाहिजे. २०११ च्या ऑक्टोबरात केंद्र सरकारने विद्यार्थ्यांसाठी 'आकाश' टॅब आणला होता, काहींना आठवत असेल. सरकारला तो सव्वादोन हजारांच्या आसपास पडायचा. त्यात रॅम २५६ एमबी, आणि पडदा असा की बोट नुसते टेकवून चालत नसे, दाबावे लागे. गवगवा मोठा झाला, पण चालायला तो फार मंद होता. आजचा आठ-दहा हजारांचा टॅब त्याच्या कितीतरी पुढे आहे, तरी त्याचे घर लहानच. तीन-चार जीबी रॅम म्हणजे दोन बैलांची जोडी. त्याला ट्रॅक्टरचा नांगर जोडला तर बैलही बसेल आणि नांगरही. मोठमोठ्या लढाईचे गेम त्यावर अडखळतात, टॅब तापतो, बॅटरी उतरते, आणि मग अभ्यासाचा व्हिडिओही थांबत थांबत चालतो. मेमरी कार्ड घातले की झाले असे काहींना वाटते. कार्डात फोटो, व्हिडिओ राहतात. पुष्कळसे गेम मात्र टॅबच्या स्वतःच्या जागेतच बसतात. म्हणून गेम घेण्यापूर्वी सेटिंगमध्ये मोकळी जागा किती आहे ते पाहावे आणि निदान चार-पाच जीबी तशीच पडीक सोडावी. पडीक ठेवलेले रान वाया जात नाही, हे आपल्याला कुणी शिकवायला नको.

कुठून टाकावा हा खरा कळीचा मुद्दा. आमच्या मुलाने तो गेम प्ले स्टोअरवरून घेतला नव्हता. कुठल्याशा साइटवरून एपीके फाइल उतरवली, टॅबने 'अनोळखी ठिकाणाहून ॲप घ्यायचे का' असे विचारले, त्याने हो म्हटले. रस्त्यावर कुणी बेणे विकत असेल तर आपण ते लावतो का? जात कोणती, रोग कोणता, काही पत्ता नसतो. गवताळ वाढीचे बेणे एकदा रानात शिरले की खोडव्यात काय होते ते काहींनी भोगले आहे. अशा फाइलींतून येणारे ॲप तुमचे मेसेज वाचू शकते, आणि मेसेजमध्ये बँकेचा ओटीपी असतो. म्हणून ती परवानगी सेटिंगमधून बंद ठेवावी. आणि ज्या नंबरवर उसाच्या बिलाचे मेसेज येतात ते सिम पोराच्या टॅबमध्ये घालूच नये. हे एक वाक्य ज्यांनी वाचले त्यांनी बाकीचा लेख नाही वाचला तरी आमची हरकत नाही.

प्ले स्टोअरवरही डोळे उघडे हवेत. गेमच्या नावाखाली बारीक अक्षरात 'जाहिराती आहेत', 'ॲपमधील खरेदी' असे लिहिलेले असते. खरेदीला पासवर्ड लावून ठेवावा, नाहीतर पोर नाणी विकत घेत बसते आणि आपण म्हणतो पैसे गेले कुठे. आणि पैसे लावून खेळायचे जे गेम, त्यांच्या वाऱ्यालाही उभे राहू नये. संसदेने २०२५ च्या ऑगस्टमध्ये कायदा करून पैशाचे ऑनलाइन खेळ चालवण्यावर बंदी आणली आहे. तरीही कुणी लिंक पाठवून रमी नाहीतर सट्ट्याचे ॲप घे म्हणाला, तर तो आपला मित्र नव्हे.

मग टाकावे तरी काय? आमच्या घरी आता दोन गेम आहेत. एक लुडो. याला विलायती समजू नये. आपली पचिसीच ती. इंग्रजांनी नेली, सोपी केली आणि इंग्लंडात लुडो नावाने पेटंट घेतले. पुढे नवी मुंबईच्या एका कंपनीने २०१६ मध्ये 'लुडो किंग' काढला आणि २०२० च्या टाळेबंदीत तो घरोघर पोचला. जाहिराती फार येतात हा त्याचा दोष, पण एकाच टॅबवर चौघे बसून खेळता येते, आणि आजीही खेळते. आमच्या घरी तीच जिंकते. सोंगटी पुढे सरकवताना तिचे बोट कुठे असते यावर मात्र वाद आहे.

दुसरा बुद्धिबळाचा. 'लीचेस' नावाचे ॲप आहे, फुकट आणि बिनजाहिरातीचे. रेंज नसली तरी टॅबशीच डाव मांडता येतो, आणि स्वस्त टॅबवर हलके चालते. आपल्या नागपूरची दिव्या देशमुख २०२५ च्या जुलैत जॉर्जियातील बाटुमी येथे कोनेरू हम्पीला हरवून महिला विश्वचषक जिंकली आणि त्याच विजयाने ग्रँडमास्टर झाली, तेव्हा वय तिचे एकोणीस. ती काही टॅबवर खेळून तिथे पोचली असे आम्ही म्हणत नाही. पण कामठ्याच्या पोरीला बरोबरीचा जोडीदार गावात मिळाला नाही तर ती या काचेतून जगातल्या कुणाशीही डाव मांडू शकते. आमच्या लहानपणी ही सोय नव्हती.

आमच्या मुलाला बुद्धिबळ आवडत नाही, हेही प्रामाणिकपणे सांगतो. त्याला गाड्याच पाहिजेत. तेव्हा प्ले स्टोअरवरून दीडशे एमबीचा एक गाड्यांचा गेम आम्ही दोघांनी बसून निवडला आणि घरच्या फोनवर टाकला. रोज जेवणानंतर अर्धा तास. कधी पाऊण होतो.

कामठा गटातील ज्या सभासदांना आपल्या पोराच्या टॅबची जागा, परवानग्या आणि खरेदीचा पासवर्ड तपासून घ्यायचा असेल त्यांनी बिल वाटपाच्या दिवशी दुपारी दोननंतर गट कार्यालयात यावे. आम्ही आणि आमचा मुलगा, दोघेही बसणार आहोत. सेटिंग त्याला आमच्यापेक्षा जास्त कळते. येताना पोराला सोबत आणावे आणि टॅब चार्ज करून आणावा. मागच्या खेपेस तिघांचे टॅब बंद पडलेले होते, आणि कार्यालयात प्लग एकच आहे. आणि अकराव्या सभासदांच्या लागणीच्या तारखेबद्दल कुणाकडे आणखी काही पुरावा असेल, फोनवरचा एखादा जुना फोटो का असेना, तर तोही घेऊन यावा. समितीची पुढील बैठक होईपर्यंत ती तारीख आम्ही पेन्सिलीनेच लिहून ठेवली आहे.

— ऊस विकास अधिकारी