जखम वर्दीतली, दर्जा मात्र नागरिकाचा

बेळगावच्या मराठा लाइट इन्फन्ट्रीच्या केंद्रात भरती झालेला एखादा पोरगा प्रशिक्षणात उंचावरून पडला, त्याचा मणका मोडला आणि लष्कराने त्याला वैद्यकीय कारणावरून घरी पाठवले, तर त्याला अपंगत्व पेन्शन मिळते आणि 'माजी सैनिक' हा दर्जाही. खडकवासल्याच्या राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीत त्याच्याच वयाचा, कदाचित त्याच्याच तालुक्यातला कॅडेट तसाच पडला, तर त्याला यातले काहीच मिळत नाही. रिक्रूट नाव नोंदवले की लष्कराचा होतो. कॅडेट मात्र कमिशन हाती पडेपर्यंत कोणाचाच नसतो. पहाटेची धाव, दोरावरची चढाई, बॉक्सिंगची रिंग हे सगळे त्याने लष्कराच्याच हुकमावरून केलेले असते, तरीही.

अशा प्रकारे प्रशिक्षणातून बाहेर पडावे लागलेले सुमारे 500 कॅडेट 1985 पासून देशात आहेत. एकट्या राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीतून 2021 ते जुलै 2025 या काळात जवळपास 20 जण बाहेर पडले. ऑगस्ट 2025 मध्ये 'द इंडियन एक्स्प्रेस'ने त्यांची हकिकत छापली आणि सर्वोच्च न्यायालयाने स्वतःहून दखल घेतली. न्या. बी. व्ही. नागरत्ना आणि न्या. आर. महादेवन यांच्या पीठाने सरकारला नोटीस काढली. विमा आणि सानुग्रह रक्कम वाढवता येईल का, उपचारानंतर या मुलांना कार्यालयीन कामावर घेता येईल का, असे साधे प्रश्न होते. चाळीस वर्षांत ते मंत्रालयातल्या कुणालाच पडले नाहीत, की पडूनही फायलीत राहिले?

मग चक्रे भराभर फिरली. महिना संपायच्या आत संरक्षण मंत्रालयाने या कॅडेटना ईसीएचएस, म्हणजे माजी सैनिकांच्या अंशदायी आरोग्य योजनेत, घ्यायला मंजुरी दिली. अधिकाऱ्यांना भरावी लागणारी 1 लाख 20 हजारांची एकरकमी वर्गणीही त्यांना माफ झाली. निर्णय चांगला आहे आणि त्याचे श्रेय द्यायलाच हवे. एप्रिल 2003 मध्ये सुरू झालेल्या या योजनेत पॉलिक्लिनिकमध्ये तपासणी होते, तिथून चिठ्ठी मिळाली की यादीवरच्या खासगी रुग्णालयात रोख न भरता उपचार होतात. ज्या घराने मुलाच्या दवाखान्यापायी जमीन विकली, त्या घराला याचे मोल वेगळे सांगायला नको.

पण मणक्याची दुखापत ही शस्त्रक्रियेपुरती गोष्ट नसते. कमरेखालची संवेदना गेलेल्या माणसाला कॅथेटर लागतो, लघवीच्या संसर्गावर पुन्हा पुन्हा औषध लागते, अंगाला जखमा होऊ नयेत म्हणून दर काही तासांनी कूस बदलून द्यावी लागते. हे सगळे रुग्णालयात नव्हे, घरात चालते, आणि ते करणारा माणूस एक तर पगारी असतो, नाही तर आई. अशा कॅडेटना आतापर्यंत मिळणारी मदत, पूर्ण अपंगत्व असले तरी, महिन्याला 40 हजारांच्या आसपास होती. तीही पेन्शन नाही, सानुग्रह. म्हणजे हक्क नव्हे, मेहेरबानी. आरोग्य योजनेचे कार्ड हाती आले म्हणून हा हिशेब मिटत नाही.

पुण्याला तर हे समजावून सांगायची गरज नसावी. दुसऱ्या महायुद्धात 1944 साली इथे कृत्रिम अवयव केंद्र उभे राहिले, आणि खडकीत मणक्याला इजा झालेल्या सैनिकांसाठी पॅराप्लेजिक पुनर्वसन केंद्र आहे. सांगली जिल्ह्यातल्या पेठचे मुरलीकांत पेटकर 1965 च्या युद्धात गोळ्या लागून कायमचे अपंग झाले आणि 1972 साली हायडेलबर्गच्या पॅरालिम्पिकमध्ये पोहण्याचे सुवर्णपदक घेऊन आले. अर्थात त्यांना पद्मश्री देण्याची आठवण सरकारला 2018 मध्ये झाली, ती गोष्ट निराळी. पेटकरांच्या जिद्दीवर सिनेमा निघाला. जिद्द अंगी बाणायला आधी उपचार आणि पोटापाण्याची सोय लागते, हे मात्र अशा सिनेमांच्या टाळ्यांत बुडून जाते.

सरकारची बाजूही ऐकली पाहिजे. निवृत्त होणाऱ्या अधिकाऱ्यांपैकी सुमारे 40 टक्के अपंगत्वाचा लाभ घेतात, जवानांत हे प्रमाण 18 टक्क्यांच्या घरात आहे, असे कॅगने 2023 मध्ये नोंदवले. त्यात मधुमेह, रक्तदाब यांचाही वाटा होता. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये नियम कडक झाले. गैरवापराची शंका घेण्याचा सरकारला अधिकार आहे. पण अठराव्या वर्षी, तंदुरुस्तीच्या कडक चाचण्या पार करून आलेल्या मुलाचा मणका मोडला, यात शंका कसली घेणार?

आणि शंकेचाही कायदा ठरलेला आहे. धरमवीर सिंह खटल्यात 2013 साली सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले, की भरतीच्या वेळी आजाराची नोंद नसेल तर तो सेवेमुळे उद्भवला किंवा बळावला असेच धरायचे. तसे नाही हे सिद्ध करण्याची जबाबदारी सरकारची. तरी जवानांना लष्करी न्यायाधिकरणात जावे लागते, ते जिंकतात आणि सरकार अपील करते. गोव्याचे मनोहर पर्रीकर संरक्षणमंत्री असताना 2015 मध्ये त्यांनी यासाठीच तज्ज्ञ समिती नेमली. असली अपिले थांबवा, असे तिने सांगितले होते. दहा वर्षांनी, जुलै 2025 मध्ये, दिल्ली उच्च न्यायालयाला केंद्राच्या अशा सुमारे 300 याचिका एकदम फेटाळाव्या लागल्या. पर्रीकरांच्या समितीचा अहवाल कुठल्या कपाटात आहे, कोण जाणे.

दर्जाची हीच रेघ आता अग्निवीरांपुढेही ओढलेली आहे. पहिल्या तुकडीची चार वर्षे 2026 च्या अखेरीस पूर्ण होऊ लागतील. त्यांना पेन्शन नाही, माजी सैनिकाचा दर्जा नाही, आरोग्य योजनाही नाही. सेवेमुळे अपंगत्व आले तर अपंगत्वाच्या प्रमाणात 15, 25 किंवा 44 लाख रुपये एकरकमी मिळतात. वयाच्या विसाव्या वर्षी चाकाच्या खुर्चीत बसलेल्या माणसाला 44 लाख पन्नास वर्षे पुरवायचे आहेत, हे कोणी कागदावर मांडून पाहिले असेल असे वाटत नाही.

पात्रता ठरवताना जखम कशी झाली एवढेच बघावे. कमिशन होते का, करार किती वर्षांचा होता, हे नंतर. कॅडेटला रिक्रूटच्या बरोबरीने अपंगत्व पेन्शन आणि माजी सैनिकाचा दर्जा द्यायला खजिना रिता होणार नाही. चाळीस वर्षांत माणसे आहेतच 500. प्रबोधिनी महाराष्ट्रात आहे. राज्याच्या 48 खासदारांपैकी कोणी तरी हा प्रश्न लोकसभेत लावून धरावा. दरम्यान, आपल्या गावात असा कोणी घरी परतलेला कॅडेट असेल, तर त्याच्या घरच्यांना एवढे जरूर सांगावे: आरोग्य योजनेचे सदस्यत्व आपोआप मिळत नाही, त्यासाठी अर्ज करावा लागतो.