कड्याची हँडिंग-ओव्हर नोट

म्हैसूरला पोस्टिंग झाल्यापासून मोकळा रविवार मिळाला की पांडवपुराजवळच्या कुंतीबेट्टावर जातो. ग्रॅनाइट! हाताला भरवसा देणारा दगड. खडकवासल्याला कॅडेट असताना सिंहगडावर पळालो, तो आपला बेसॉल्ट. त्याची पकड कधी निखळून हातात येईल, सांगता येत नाही. म्हणूनच आपल्या कड्यांची माहिती लेखी हवी.

इंग्लंडमध्ये हॅस्केट स्मिथ १८८६ साली नेप्स नीडल सुळक्यावर एकटा चढला आणि १८९४ मध्ये त्याने प्रस्तरारोहणाचं मार्गदर्शक पुस्तकही छापलं. हरीश कपाडियांच्या 'ट्रेक द सह्याद्रीज'ने आपल्यालाही डोंगर दाखवले, पण ते मुख्यतः पायवाटांचं पुस्तक. सुळक्यांची माहिती बरीचशी जुन्या मंडळींच्या डोक्यातच राहिली.

फौजेत पोस्ट सोपवताना नोट लिहावीच लागते. सुरुंग कुठे, पाणी कुठे, कुठली वाट पावसात खचते. जाणारा कितीही शूर असो, न लिहिता गेला तर किंमत येणारा मोजतो. कड्यावरच्या बोल्टचंही तेच. तो कोणी, कुठल्या साली ठोकला, किती पावसाळे त्याने खाल्ले, हे खालून दिसत नाही.

"पुस्तक काढलं की गर्दी होईल," असं एक ज्येष्ठ गिर्यारोहक मला म्हणाले. सर, गर्दी मोबाइलवरच्या फोटोंनी केव्हाच आणली. पोरांना फोटो मिळतो, बोल्टचं वय मिळत नाही. तुमच्या डायऱ्या माळ्यावर असतील तर काढा. लिंगाण्यापासून सुरुवात करू, टायपिंग मी करतो.