आधी ऐकून घ्या, मग क्षमा शिकवा




सूडाचे सिनेमे ख्रिस्ती घरात बघू नयेत, असं आपल्या मंडळीतली वडीलधारी माणसं तरुणांना सांगतात. त्यांची काळजी समजते, पण नुसतं "बघू नका" म्हणून भागत नाही. पोरं मोबाईलवर बघतातच. तेव्हा या सिनेमांतला राग येतो कुठून, यावरही बोलायला हवं.

श्रीराम राघवन यांचा पहिला चित्रपट 'एक हसीना थी' 2004 साली आला. त्यातली सारिका वर्तक (उर्मिला मातोंडकर) मुंबईत ट्रॅव्हल एजन्सीत नोकरी करणारी साधी मुलगी. ज्याच्यावर जीव टाकते, तोच (सैफ अली खान) तिला गुन्ह्यात अडकवतो. त्याने पाठवलेला वकील तिला गुन्हा कबूल करायला लावतो. ती तुरुंगात जाते, मार खाते, पळते आणि शेवटी त्याला गुहेत बांधून उंदरांच्या हवाली करते. हा शेवट बघवत नाही. पण ती खरं सांगत होती तेव्हाच कोणी ऐकलं असतं, तर गोष्ट तिथवर गेली असती का?

पवित्र शास्त्रातही हेच आहे. 2 शमुवेल, अध्याय 13 वाचा. अम्नोनाने तामारेवर बलात्कार केला. सख्खा भाऊ अबशालोम तिला म्हणाला, गप्प राहा. बाप दावीद राजा. तो संतापला, पण त्याने केलं काहीच नाही. दोन वर्षांनी अबशालोमाने अम्नोनाला ठार करवलं आणि पुढे बापावरच उठला. राजाने वेळेवर न्याय केला नाही, त्याची किंमत सगळ्या घराने मोजली.

आता आपल्याकडे बघू. चलथाण, कडोदरा, पलसाणा या भागात ऊसतोडीला, लूमवर, मिलमध्ये आलेली खानदेशातली आणि डांगातली किती तरी कुटुंबं आहेत. नवऱ्याचा मार खाणाऱ्या बाईचं माहेर लांब, भुसावळ लाईनवर कुठे तरी. तिने बोलायचं कोणाजवळ? मंडळीजवळच ना! आणि आपण पहिल्याच वाक्याला म्हणतो, "जाऊ दे बाई, क्षमा कर, प्रार्थना कर." तिचं निम्मंही ऐकलेलं नसतं.

क्षमा ही आपल्या विश्वासाचा गाभाच आहे, त्यात वाद नाही. सिस्टर राणी मरिया यांना 25 फेब्रुवारी 1995 रोजी इंदूरकडे जाणाऱ्या बसमध्ये समंदर सिंगने चाकूने मारलं. पुढे त्यांची बहीण सिस्टर सेल्मी पॉल तुरुंगात गेल्या आणि त्याला राखी बांधली. एवढी मोठी क्षमा! पण लक्षात घ्या, तोवर खटला झाला होता, जन्मठेप लागली होती. खून कोणी झाकला नव्हता. रोमकरांस पत्राच्या 12 व्या अध्यायात सूड देवावर सोपवा म्हणणारा पौल पुढच्याच अध्यायात वाईट करणाऱ्याला शिक्षा देणाऱ्या सत्तेला देवाची सेवक म्हणतो. म्हणजे पोलिसात जाणं हा अविश्वास नव्हे.

म्हणून पाळकसाहेबांना आणि महिला मंडळाला विनंती. कोणी दुखणं घेऊन आलं तर आधी पूर्ण ऐका. गुजरातमध्ये बायकांसाठी 181 अभयम् आहे, मुलांसाठी 1098 आहे. हे नंबर चर्चच्या फलकावर लावा. मुलावर लैंगिक अत्याचार झाल्याचं कळलं आणि आपण ते दाबलं, तर 2012 च्या पॉक्सो कायद्याने तो आपलाही गुन्हा आहे, मग आरोपी मंडळीतलाच का असेना. क्षमा कधी करायची, ते ज्याने सोसलं त्याला ठरवू द्या. आपण घाई करू नये.

आणि तरुण संघाने असा एखादा सिनेमा बघितलाच, तर वडीलधाऱ्यांनी रागावण्याऐवजी शेजारी बसावं आणि नंतर तामारेचा अध्याय काढून बोलावं.

— मंडळीतील एक वाचक, चलथाण (जि. सुरत)